शंभराव्या मजल्यावर अडकलेल्या सुहासिनीबाई

दहिसरला चेकनाक्याजवळच्या एका इमारतीत अकराव्या मजल्यावर राहणाऱ्या सुहासिनी धुरी गेल्या दसऱ्यानंतर शंभराव्या मजल्यावर अडकून पडल्या. एक महिना नऊ दिवस. इमारतीची लिफ्ट चालू होती, त्यांचे पायही धडधाकट होते आणि बासष्टी ओलांडली तरी गुडघे अजून कुरकुरायला लागले नव्हते. त्या अडकल्या खेळात.

खेळ म्हणजे हातात धरून खेळायचं एक जुनं यंत्र. कंपासपेटीएवढं. वर छोटासा पडदा, खाली बटणं, आणि मागे एक खाच. त्या खाचेत खेळाची कॅसेट खुपसायची. यंत्र मूळचं त्यांच्या सुनेचं, श्वेताचं. मुलुंडहून लग्न होऊन आली तेव्हा साड्या, भांडी आणि मैत्रिणींनी दिलेले तीन नाइट लॅम्प यांच्याबरोबर तिच्या शाळकरी वयातलं हे यंत्रही एका खोक्यात बसून सासरी आलं. सुहासिनीबाईंनी एकदा पुसायला म्हणून ते हातात घेतलं, ते आजतागायत परत केलेलं नाही.

त्यातला खेळ साधा. एक बुटकी मुलगी शंभर मजल्यांच्या मनोऱ्यावर चढत जाते. दर मजल्यावर कुलपं, कोडी, नाहीतर अंगावर येणारं कुणीतरी दांडगं. लिहिलेलं सगळं इंग्रजीत, आणि बाईंचं इंग्रजी मॅट्रिकपुरतं, त्यामुळे पात्रांची बारशी त्यांनीच उरकली होती. मुलगी म्हणजे चेडू. किल्ल्या विकणारा जाड्या म्हणजे गावकार. आणि सगळ्यात वर, शंभराव्या मजल्यावर डोळे वटारून बसलेलं थोरलं घुबड म्हणजे पिंगळो. घरात सुनेशी त्या मुंबईची मराठी बोलत, पण खेळताना आणि चिडल्यावर त्यांच्या तोंडून मालवणीच बाहेर पडे. तीन वर्षं, रोज दुपारी जेवणानंतर तासभर, असं करत चेडवाला घेऊन त्या नव्व्याण्णव मजले चढल्या होत्या.

राहिला होता पिंगळा. त्याच्याशी झुंज अर्ध्या तासाची, आणि तेवढ्यात कुठेही थांबून 'सेव्ह' करायची सोय नाही. अर्धा तास यंत्र नीट चाललं की झालं. पण दसरा उलटला आणि यंत्राने मान टाकायला सुरुवात केली. नऊ-दहा मिनिटं झाली की चित्र जागच्या जागी थिजायचं, चेडवाचा उगारलेला हात तसाच वर राहायचा आणि संगीत एकच सूर धरून कोकलत बसायचं. यंत्र बंद करून पुन्हा लावलं की चेडू परत शंभराव्या मजल्याच्या दाराबाहेर, मुकाट उभी.

"आई, सोडून द्या ना," श्वेता एकदा म्हणाली. "शेवटच बघायचाय ना? मोबाइलवर कुणीतरी व्हिडिओ टाकलेला असतोच. आत्ता काढून देते."

"दुसऱ्याच्या हातचो शेवट माका नको," सुहासिनीबाई म्हणाल्या.

श्वेताला तो हट्ट वाटला. होताच तो हट्ट, पण त्याच्या मागे बावीस वर्षं होती. सुहासिनीबाई लग्न करून मुंबईत आल्या आणि वर्षभरात अंधेरीला सीप्झमधल्या एका इलेक्ट्रॉनिक्स कंपनीत लागल्या. डोक्याला टोपी, मनगटाला पट्टी, डोळ्यासमोर सूक्ष्मदर्शक, हातात तापलेली सोल्डरिंगची सळई. समोर हिरव्या पाट्या यायच्या, त्यांवरचे कच्चे सांधे पक्के करायचे आणि पाटी पुढे सरकवायची. लाखभर पाट्या तरी त्यांच्या हाताखालून गेल्या असतील. त्या कशात बसतात, कोण वापरतं, चालू केल्यावर काय होतं, हे त्यांना कधीच कळलं नाही. कुणी म्हणे इस्पितळातल्या यंत्रात जातात, कुणी म्हणे जहाजांवर. एकदा त्यांनी सुपरवायझरला विचारलं, तर तो म्हणाला, बाई, तुम्ही तुमचा सांधा बघा. त्यांनी सांधा बघितला. पुढे कंपनीच बंद पडली. तेव्हापासून एक तरी गोष्ट आपल्या हाताने शेवटाला न्यायची आणि शेवटी काय होतं ते डोळ्यांनी बघायचं, असं त्यांच्या मनाने घेतलं होतं. ती गोष्ट एक खेळणं निघाली, याला त्यांचा इलाज नव्हता.

पहिला संशय अर्थातच सुनेवर गेला. श्वेताला एक सवय होती. यंत्र अडलं की ती कॅसेट उपसायची, तोंडाजवळ धरायची आणि बासरी वाजवल्यासारखी या टोकापासून त्या टोकापर्यंत फुंकर मारायची. तिच्या पिढीतल्या सगळ्याच पोरांनी हे केलं आहे आणि सगळ्यांना त्याचा गुण आलाय असं वाटतं.

"फुंकर नाही, थुंकी आहे ती!" सुहासिनीबाई कडाडल्या. "तोंडातला ओलावा जातो आत. पितळेचे दात गंजतात. आमच्याकडे असं कुणी केलं असतं तर त्याच दिवशी घरी पाठवला असता."

"अहो आई, मी वीस वर्षं फुंकतेय!"

"म्हणूनच ही वेळ आली."

त्या दिवसापासून कॅसेटला हात लावायची श्वेताला बंदी झाली. महिनाभर रोज एकदा तरी त्या फुंकरीचा उद्धार व्हायचा. कधी भाजी निवडताना, कधी फोनवर बहिणीशी बोलताना, श्वेताला ऐकू जाईल एवढ्या बेताने. श्वेता स्वभावाने हसरी, पण तिच्याही कपाळावर एक आठी येऊन राहिली.

मग बाई बोरिवलीला हर्षदच्या गाळ्यावर गेल्या. हर्षद मोबाइल दुरुस्त करायचा, आणि बोटं चालत असताना तोंडही चालू ठेवायचा. त्याने कॅसेट उलटीसुलटी केली, यंत्र कानाशी हलवून पाहिलं आणि निकाल दिला.

"आँटी, कॅसेट गेली. चिप बदलावी लागेल. गेम चालेल झकास, पण सेव्ह उडणार."

"उडणार म्हणजे?"

"म्हणजे पहिल्या मजल्यापासून परत. बरंच आहे ना, तेवढाच टाइमपास!"

सुहासिनीबाईंनी त्याच्या हातातून कॅसेट काढून घेतली, पर्समध्ये टाकली आणि पर्सची चेन ओढली. टाइमपास हा शब्द त्यांना लागला. तीन वर्षांत एवढा लागणारा शब्द त्यांना कुणी बोललं नव्हतं. रिक्षात बसेपर्यंत त्यांचे डोळे भरून आले होते, आणि रिक्षा नाक्यापर्यंत आली तोवर त्यांचं ठरलंही होतं. नव्व्याण्णव मजले कुणाला उडवू द्यायचे नाहीत.

घरी येऊन त्यांनी जोगेश्वरीला फोन लावला. तिथे सुनंदा राहायची. सीप्झमध्ये एकोणीस वर्षं ती यांच्या शेजारच्या स्टुलावर बसली होती. वेंगुर्ल्याची, जिभेने तिखट आणि नजरेने त्याहून. "काय गो, एवढ्याशा खेळण्यासाठी माका बोलावतंस?" म्हणत ती दुसऱ्या दिवशी सकाळी हजर झाली, आणि येताना स्वतःचा चष्मा, जुना दाढीचा ब्रश आणि डबाभर खाजं घेऊन आली.

दोघींना कामाची एकच रीत ठाऊक होती. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, आणि काय झालं ते लिहून ठेवायचं. दोन गोष्टी एकदम बदलल्या की कोण सुधारलं आणि कोण बिघडलं, हे कळायला मार्ग राहत नाही. सुहासिनीबाईंनी वही काढली. आधी चार्जर काढून खेळल्या: नऊ मिनिटांत थिजलं. मग नवी बॅटरी घातली: दहा मिनिटं. मग श्वेताने आपल्या भावाकडून मुलुंडहून मागवलेली गाड्यांच्या शर्यतीची दुसरी कॅसेट घातली. अकराव्या मिनिटाला शर्यतीतल्या सगळ्या गाड्या वळणावर गपकन थांबल्या आणि सुहासिनीबाई टाळ्या पिटायला लागल्या.

"हँग झाला म्हणून टाळ्या?" श्वेता दारातून डोकावली.

"अगं, दुसरी कॅसेटपण अडकली! म्हणजे माझी कॅसेट चांगली आहे! बिघाड यंत्रात आहे. चेडवाला काही झालेलं नाही!" त्यांनी वहीत तारीख घातली आणि हर्षदच्या नावाने एक शब्द उच्चारला, तो इथे लिहीत नाही.

आता यंत्रात नेमकं काय? तापतं का? दोघींनी ते सुरू करून टेबलावर ठेवलं आणि घावणे करायला घेतले. घावणे झाले, खाऊन झाले, चहा झाला, सीप्झमधल्या कुणाकुणाच्या मुलांची लग्नं बोलून झाली. दोन तास होऊन गेले तरी खेळाचं संगीत सुरूच. पडद्यावर पिंगळ्याच्या दारावरची मशाल आपली हलतेय. सुहासिनीबाईंनी यंत्र हातात घेतलं, दार उघडलं, झुंज सुरू केली. नवव्या मिनिटाला थिजलं.

सुनंदा त्यांच्या हातांकडे बघत होती, पडद्याकडे नाही.

"तू पिंगळ्याक मारतंस काय यंत्राक?" ती म्हणाली.

खरंच, झुंज रंगात आली की सुहासिनीबाईंची बोटं यंत्र पिळायला लागायची. ओलं फडकं पिळावं तसं. टेबलावर ठेवलं की बरं, हातात धरलं की गोठतं. म्हणजे तापण्याचा संबंधच नाही. पिळलं की आत कुठेतरी कॅसेटचे दात आणि खाचेतल्या सुया यांची गाठ सुटते. आणि गाठ सुटते म्हणजे मध्ये काहीतरी येतंय.

"थुंकी," सुहासिनीबाई समाधानाने म्हणाल्या. "सांगत होते मी. गंज धरलाय."

श्वेताने मोबाइलवरून तीन पाकळ्यांच्या तोंडाचा स्क्रूड्रायव्हर मागवला, कारण ते स्क्रू साध्या पेचकसाला जुमानत नाहीत. तो बुधवारी आला. सुनंदाही आली. टेबलावर पांढरा पंचा अंथरला, स्क्रू ठेवायला चहाच्या बशा मांडल्या, एका बशीत एकच. अंगातली वीज जावी म्हणून दोघींनी आधी मोरीतल्या नळाला हात लावला. मग सुहासिनीबाईंनी यंत्र उघडलं. सोळा-सतरा वर्षं सळईला हात लागला नव्हता, पण बोटं काही विसरली नव्हती. पाठ उचलली, खाच मोकळी झाली, आणि श्वेताच्या मोबाइलचा कॅमेरा मोठा करून दोघी त्यावर वाकल्या.

"ह्या काय गो तांबडा?" सुनंदाने विचारलं.

सुयांच्या फटीत, अगदी मुळाशी, लालभडक पूड बसली होती. शेजारी थोडी पिवळी.

"गंज?"

"गंज एवढो तांबडो नसता," सुहासिनीबाई म्हणाल्या. त्यांनी ब्रशाच्या टोकावर चिमूटभर पूड घेतली, बोटावर चोळली आणि नाकाशी नेली. मग खुर्चीत मागे टेकल्या.

ते कुंकू होतं. शेजारची हळद. आणि ते कुणी घातलं हे त्यांना आता असं लख्ख आठवलं की कानशिलं गरम झाली. खंडेनवमीला त्यांच्या घरी सगळ्या यंत्रांची पूजा होते. मिक्सर, शिलाई मशीन, फ्रिज, मुलाची, नितेशची, मोटारसायकल, श्वेताचा लॅपटॉप. गेल्या खंडेनवमीला त्यांनी खेळाचं यंत्रही पाटावर मांडलं. तीन वर्षं दुपारी सोबत करणाऱ्याला वगळणार कसं? आणि नुसतं मांडलं नाही. कॅसेट वेगळी, यंत्र वेगळं, दोघांनाही स्वतंत्र मान मिळायला हवा, म्हणून कॅसेट बाहेर काढून तिला दाताशी एक बोट लावलं आणि यंत्राला पडद्यावर डाग नको म्हणून मागे, नेमकं खाचेच्या तोंडाशी, हळदकुंकवाची चांगली सढळ चिमूट वाहिली. नमस्कार केला आणि कॅसेट परत आत ढकलली. उरलेलं काम पिंगळ्याशी झुंजणाऱ्या त्यांच्या मुठींनी केलं. सुनेची फुंकर, बॅटरी, चार्जर, सगळ्यांची झडती घेऊन झाली. देवाचं म्हणून वाहिलेलं कुंकू मात्र संशयितांच्या यादीत कधी आलंच नाही.

"एकोणीस वर्षां तू माका शिकवलंस," सुनंदा हळूच म्हणाली. "पाटीवर केस पडलो तरी ओरडायचंस. आणि आता कुंकू." आणि ती हसायला लागली. आधी तोंडावर पदर घेऊन, मग पदर सोडून.

सुहासिनीबाई हसल्या नाहीत. त्या उठल्या. "सुनेक सांगूक व्हया," त्या म्हणाल्या. "आत्ताच."

उद्यावर टाकलं तर सांगणं होणार नाही, हे त्यांना पक्कं माहीत होतं. आतल्या खोलीत श्वेता लॅपटॉपसमोर ऑफिसच्या कामात होती. सुहासिनीबाई दारात उभ्या राहिल्या, लाल झालेलं बोट पुढे केलं आणि एका दमात बोलून मोकळ्या झाल्या.

"श्वेता, फुंकर तुझी नव्हती, कुंकू माझं होतं. खंडेनवमीचं. महिनाभर तुला उगाच बोलले मी. चुकलं माझं."

श्वेता खुर्चीतच वळली. तेवढ्यात लॅपटॉपमधून एका बाईचा अवाक झालेला आवाज आला, "श्वेता, सगळं ठीक आहे ना घरी?" माइक चालू होता. ऑफिसातल्या आठ जणांनी सासूचा कबुलीजबाब ऐकला होता. श्वेताने घाईघाईने माइक बंद केला आणि खुर्चीतून घसरेपर्यंत हसली. मग उठून तिने सासूचं ते लाल बोट धरलं आणि आपल्या कपाळाला लावून घेतलं. कपाळावरची आठी कुठल्या कुठे गेली. आता मात्र सुहासिनीबाईंनाही हसू आवरेना, आणि बाहेरून सुनंदा ओरडली, "माका सोडून काय हसतास गे?"

सफाईला तास लागला. केमिस्टकडून आणलेलं स्पिरिट, दाढीच्या ब्रशाचे चार केस आणि बाईंचा श्वास रोखून धरलेला हात. एकेक सुई चकचकीत झाली. कॅसेटचे दात खोडरबराने घासले. निघालेलं कुंकू त्यांनी कापसावर टिपलं आणि तो कापूस तुळशीच्या कुंडीत ठेवला. केराच्या डब्यात टाकायला मन धजेना.

झुंज रविवारी दुपारी ठरली. सुनंदा जोगेश्वरीहून आली. नितेशने एअरपोर्टची ड्यूटी बदलून घेतली. श्वेता मांडी घालून सासूच्या शेजारीच बसली. सुहासिनीबाईंनी पिंगळ्याचं दार उघडलं.

नऊ मिनिटं झाली. दहा. अकरा. बाराव्या मिनिटाला सुनंदाने खाज्याचा पहिला तुकडा तोंडात टाकला. बाविसाव्या मिनिटाला सगळं एकदम थांबलं. चित्र थिजलं, संगीत गप्प झालं, आणि सुहासिनीबाईंच्या तोंडचं पाणी पळालं. "गेलो," त्या पुटपुटल्या. पण तो बिघाड नव्हता, पिंगळ्याचंच सोंग होतं. त्याने पंख फुलवले, दुप्पट मोठा झाला आणि अंगावर आला. बाईंनी इतक्या जोरात "येss मेल्या!" म्हटलं की शेजारच्यांनी भिंतीवर थापा मारल्या. यंत्र त्यांनी चांगलं पिळलं, मनसोक्त पिळलं. ते हूं की चूं करेना. एकतिसाव्या मिनिटाला पिंगळा मनोऱ्यावरून खाली कोसळला आणि चेडू गच्चीवर जाऊन उभी राहिली. गच्चीवरून समुद्र दिसत होता. बास, एवढंच. सुहासिनीबाई तो चिमुकला समुद्र डोळे भरून बघत बसल्या.

मग पडद्यावर खालून वर नावं सरकायला लागली.

"झालं, आई! जिंकलीस!" नितेश उठला. "आता नुसती नावं आहेत. चहा टाकू?"

"बस खाली," सुहासिनीबाई म्हणाल्या. "माणसांनी काम केलंय. वाचू दे."

आणि त्यांनी वाचायला घेतलं. मोठ्याने, अक्षर अक्षर लावत. बहुतेक नावं जपानी. जीभ अडखळायची, श्वेता सुधारून द्यायची. चित्रं काढणारे, संगीत देणारे, चुका शोधणारे. चुका शोधणाऱ्यांची नावं आली तेव्हा सुनंदाने हात जोडले. "सोल्डरिंगवाल्या बायांची नावां खंय आसत?" तिने विचारलं, पण ती काही आली नाहीत. दहा मिनिटं नावं सरकत राहिली. शेवटी पडदा काळा झाला, आणि अगदी खालून एकच ओळ वर आली. 'आणि' असं इंग्रजीत, आणि त्याखाली एक नाव.

एस, यू, एच, ए, एस, आय, एन, आय.

चौघांची डोकी पडद्यावर वाकली. मग श्वेताच्या लक्षात आलं. तीन वर्षांपूर्वी पहिल्याच दिवशी खेळाने खेळणाऱ्याचं नाव विचारलं होतं, आणि बाईंनी एकेक अक्षर शोधून ते भरलं होतं. आठच अक्षरांची जागा होती. त्या ते विसरूनही गेल्या होत्या.

सुहासिनीबाईंनी यंत्र डोळ्यांजवळ नेलं आणि ते नाव नखाने एकेका अक्षराला टेकत तपासलं. कंपनीच्या पासावर बावीस वर्षं त्यांचं नाव चुकीचं छापलेलं होतं, मधला एक आय गाळून. दोनदा अर्ज दिला होता, मग कंटाळून सोडून दिलं होतं.

"बरोबर आसा," त्या म्हणाल्या. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायला हात मोकळा नव्हता. "एक अक्षर चुकूक नाय. सुनंदा, तू पण बघ."

सुनंदाने चष्मा चढवला आणि बघितलं.